चार ठोक्यांची जागा

१

आम्ही दुपारी वाजवायचो. दुपारी गावातली मोठी माणसं जेवून आडवी होतात, आणि ती आडवी झाली की तास-दोन तास गाव आमचं असतं.

न्हावरे गावाच्या पुढं, रस्त्यापासून आत, माझ्या दोस्ताच्या, विक्रमच्या घरची कोंबड्यांची शेड होती. लांबलचक. दोन्ही बाजूंना जाळी, वर पत्रा, दोन टोकांना दोन दारं. कोंबड्या नव्हत्या. त्या विक्रमच्या थोरल्या भावाच्या, विश्वजीतच्या. विशा कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत पुण्याला ॲडमिट झाला तो आलाच नाही, जाळलाही तिकडंच. त्याच्या बापानं, सर्जेरावआप्पांनी, कोंबड्या विकल्या, शेडला कुलूप घातलं आणि परत तिकडं पाऊल टाकलं नाही. किल्ली विक्रमनं उचलली. कुणी विचारलं नाही. त्या घरात विक्रम काय उचलतो आणि काय ठेवतो, हे कुणीच विचारत नसे.

मी मल्हार. डिप्लोमा दुसऱ्या वर्षाला सोडला. सोडला असं मी म्हणतो, बाप घालवला म्हणतो. गिटार आणि ओरडणं माझ्याकडं. बेस गिटार अंकिताकडं. ती माझी चुलत बहीण, शिरूरला बीएस्सीला एसटीनं जायची. बेस तिनं दौंडच्या रेल्वे क्वार्टरमधल्या एका रिटायर गार्डाकडून आणला होता, त्यावर चारातल्या तीनच तारा होत्या. ड्रम विक्रमचे. गावातली बँड पार्टी बंद पडली तिचा मोठा ढोल आणि साइड ड्रम, आणि झांज म्हणून खाद्याच्या भांड्याचं झाकण. बसायला विशाचंच पिवळं लोखंडी स्टूल, अंडी निवडताना तो ज्यावर बसायचा ते.

भिंतीच्या जागी आम्ही अंड्यांचे रिकामे ट्रे लावले. शेकड्यानं पडलेच होते. दोरीनं जाळीला बांधले, त्यामुळं आतला आवाज आतच मरायचा. टाळी वाजवली तर कुणी रजईत वाजवल्यासारखी. तूस, चुना आणि तापलेला पत्रा, असा वास. तो वास मला अजून कुठंही, कधीही येतो, आणि आला की वाटतं, आता विक्रम काडी दातात धरणार, दोन्ही हातांनी स्टूल पुढं ओढणार आणि मग काडी डाव्या हातात घेऊन 'एक, दोन' म्हणणार.

डावखुरा होता तो. लहानपणी डाव्या हातानं जेवतो म्हणून आप्पांनी त्याच्या बोटांवर उलथणं मारलेलं. त्याचे ड्रम उलटे मांडलेले असायचे. त्या जिल्ह्यात तसे ड्रम दुसरे कुणाचे नसतील.

माझी गिटार अजून तिथंच आहे. आणायला मी जाणार नाही.

२

गाणं मी रागानं लिहिलं. पंक म्हणजे काय हे आम्हाला कुणी शिकवलं नव्हतं. मोबाइलवर परदेशातली पोरं बघितली होती. तीन सूर, फाटका आवाज आणि समोरच्या गर्दीला शिव्या. मला वाटलं, हे तर आपल्यालाही येतं. शिव्या द्यायला माणसंही आहेत.

माणसं म्हणजे आमची मोठी माणसं. सोसायटीच्या निवडणुकीत पोरांना झेंडे धरायला लावणारी. पोरगी दहावी झाली की सोयरिकीचा विषय काढणारी. रोज सकाळी फुलांच्या फोटोवर 'संस्कार' लिहून पाठवणारी आणि पोरानं एक प्रश्न विचारला की टीव्हीचा आवाज वाढवणारी. गाण्याचं नाव 'ओ द्या'.

मत मागाया दारात येता,
सोयरीक मोडाया दारात येता,
आम्ही दारात उभं तवा
निजता व्हय? ओ द्या!

आणि त्यानंतर चार ठोके सगळं बंद. त्या जागेत गर्दीनं ओरडायचं, 'ओ!' व्हिडिओतल्या गर्द्या तसंच करायच्या. आमच्याकडं गर्दी नव्हती. तरी जागा सोडून ठेवली. पाव्हणं यायच्या आधी ताट मांडून ठेवावं तशी.

माझा आजा, तात्याबा, जन्मभर मेंढरं घेऊन हिंडला. त्यानं ओट्यावर बसून माझी घोकंपट्टी ऐकली.

"कुनाला हाक मारतुयास रं?"

"सगळ्यांनाच."

"हाक नावानं मारावी. बिननावाची मारली तर कुनीबी ओ देतंय."

"कुनीबी दिली तरी चालंल, तात्या. तुमी तर देतच न्हाई."

तो हसला आणि तंबाखू मळत बसला. म्हाताऱ्यांचं असंच. अर्धं सांगायचं आणि अर्धं थुंकायचं.

३

रेकॉर्डिंग म्हणजे माझा मोबाइल सुतळीनं वरच्या अँगलला टांगलेला. ऊस तुटून गेला होता. शेडच्या दोन्हीकडं नुसतं पाचट पसरलेलं, पार कालव्यापर्यंत माणूस सोडा, कुत्रं दिसत नव्हतं. हे मी मुद्दाम लिहितोय, कारण नंतर मी स्वतःला कितीतरी वेळा सांगितलं की उसात कुणीतरी पाणी धरत असेल.

वाजवून झालं. आम्ही बाहेर लिंबाखाली बसलो. एक इयरफोन माझ्या कानात, एक अंकिताच्या. विक्रम काडीनं मातीत रेघा ओढत होता.

पहिली मोकळी जागा गेली. दुसरी गेली. तिसऱ्या जागेत, चौथ्या ठोक्यावर, कुणीतरी म्हणालं, "ओ."

मोठ्यानं नाही. भीती वाटावी असं तर काहीच नाही. मागल्या दाराला काहीतरी कामात असलेल्या माणसाला पुढच्या दारातून हाक मारली की तो हातातलं काम न थांबवता देतो ना, तशी. बाप्याचा आवाज. लांबचा, थोडा घुमलेला.

"तू वरडलास का?" मी विक्रमला विचारलं.

"माझ्या दातात काडी व्हती. बघ की, तिथं मी स्टूल सरकवतोय. आवाज येत असंल बघ."

स्टुलाची कर्र ऐकू येत होती खरी.

"पत्र्याचा घुमला असंल," मी म्हणालो.

अंकितानं इयरफोन काढला. "मल्ल्या, ट्रे लावल्यापास्नं आत काय घुमतंय का? आपुन खोकलो तरी घुमत न्हाई. मग ह्यो लांबून कसा येतुय?"

मी दुसरा टेक घेऊ म्हणालो. घेतला. त्यातही तिसऱ्या जागेतच ओ आली. आधी पलीकडच्या दारापाशी होती, आता पाण्याच्या टाकीपाशी. म्हणजे निम्म्यात.

विक्रमनं त्या दिवशी दोन्ही टेक ऐकले. घरी जाताना, सायकल हातात धरून चालताना म्हणाला, "विशा आशीच ओ द्यायचा. आप्पा घरून हाक मारायचे, आन् त्यो शेडातनं."

"गप ए," अंकिता म्हणाली. तिला राग आला होता. तिला भीती वाटली की राग येतो.

४

चैत्रात गावची जत्रा. रात्रीच्या ऑर्केस्ट्राच्या आधी, दिवस मावळायच्या आत, 'स्थानिक कलाकारांना' दहा मिनिटं मिळायची. विक्रमनं कमिटीच्या पाया पडून ती मिळवली. कमिटीत आप्पा होते. फेटा बांधून पुढच्या सोफ्यावर. विक्रमला दहा मिनिटं नको होती, त्याला तो सोफा पाहिजे होता. आप्पांनी एकदा, दहा मिनिटं, दुसरीकडं कुठं जाता न येता, त्याच्याकडं बघावं. एवढंच त्याचं म्हणणं होतं. तीन वर्षांत त्या माणसानं जित्या पोराकडं मान वर करून बघितलं नव्हतं.

निवेदकानं आमची ओळख 'देशभक्तीपर गीत सादर करणारे होतकरू तरुण' अशी करून दिली.

आम्ही सुरू केलं. पहिल्या कडव्याला पोरं शिट्ट्या मारून हसली. दुसऱ्याला बायका उठून पाळण्यांकडं निघाल्या. "घशात काटा आडाकला का रं धनगराच्या?" कुणीतरी ओरडलं. "लाइट घालवा!" दुसरा. मी आणखी जोरात ओरडलो. इतकं छान मला आयुष्यात कधीच वाटलं नव्हतं. आप्पा सोफ्यावर मोबाइल बघत होते.

पहिल्या जागेत शांतता. दुसऱ्या जागेत कुणाचा तरी ढेकर, आणि हशा.

तिसऱ्या जागेत कर्ण्यातून आली. "ओ."

लोकांना वाटलं, आमच्यातलाच कुणी. कुणाचं लक्षही गेलं नाही. आप्पांचा मोबाइल मात्र हातातून मांडीवर आणि मांडीवरून खाली पडला. ते उठले. फेट्याचा शेमला खांद्यावरून सुटला. स्टेजकडं चालत आले आणि कठड्याला धरून उभे राहिले. विक्रम ड्रमवर होता आणि त्याला वाटलं, आप्पा त्याच्यासाठी आले. मी त्याचा चेहरा बघितला. तसा चेहरा मी परत कुणाचाच बघितला नाही.

"परत म्हना," आप्पा म्हणाले. "त्ये मधलं परत म्हना."

५

दुसऱ्या दिवसापासून आप्पा शेडवर यायला लागले. दुपारी, जेवण झाल्यावर, न झोपता.

आमच्या गाण्याचं याहून वाईट काय होऊ शकलं असतं? शिव्या मिळाल्या असत्या, दगड मिळाले असते, चाललं असतं. ज्याला ठोकायला गाणं लिहिलं तो खाद्याचा क्रेट पालथा घालून श्रोता म्हणून बसला. पण विक्रम खुश होता. तो केस विंचरून यायला लागला. आप्पांसाठी तांब्या भरून ठेवायचा.

"बग, ऐकाया येत्यात," मला म्हणाला.

आप्पा क्रेटवर बसायचे ते पलीकडच्या दाराकडं तोंड करून. विक्रमकडं त्यांची पाठ असायची.

पहिले दोन दिवस पूर्ण गाणं ऐकलं. मग म्हणाले, "पयलं कडवं गाळा." मग दुसरं गाळलं. मग, "मल्हार, तू जरा हळू. कान किटत्यात." मग, "मधली जागा वाढवा की, त्याला येळ मिळत न्हाई."

"कुनाला येळ मिळत न्हाई, आप्पा?" अंकितानं तोंडावर विचारलं.

"तुला काय करायचंय? तू तुजं तुणतुणं वाजीव."

आम्ही वाजवत राहिलो. का, ते आता सांगता येत नाही. थोडं विक्रमसाठी. थोडं असं, की कुणीतरी रोज न चुकता आपलं ऐकायला येतंय, ही चटक लागते, मग तो कुणी का असेना. आणि ओ येत राहिली. आता मोबाइलवर नाही, तिथंच, उघड्या कानांना. टाकीपासून पुढं. मग पिल्लांना ऊब देणारा ब्रूडर पडला होता तिथून. मग आप्पांच्या जवळून. आप्पा डोळे मिटून घ्यायचे आणि ती त्यांच्या कानावरून गेली की हळूच मान वळवायचे, जणू ती कुठं चाललीय ते बघायला.

ती त्यांच्या पुढं निघून गेली होती. शेडच्या त्या टोकाला आता फक्त आम्ही होतो.

६

शेवटच्या दुपारी बाहेर कांदा काटायला बायका आल्या होत्या. लिंबाखाली हसत होत्या. ते हसू आत येत नव्हतं. ट्रेमुळं.

आप्पा उभेच होते. "आज वाजवायचं न्हाई," म्हणाले. "ढोल न्हाई, गिटार न्हाई. नुसती हाक. आन् मी मारनार."

"मग गानं काय ऱ्हायलं?" मी म्हणालो.

"गानं गेलं खड्ड्यात."

अंकितानं पट्टा डोक्यातून काढला आणि बेस जाळीला टेकवला. "मल्ल्या, चल. विक्या, तू बी चल."

विक्रम हसला. "मारू दे की त्यांला हाक. त्यांचं मन मोकळं हुईल." त्यानं काडी दातात धरली आणि दोन्ही हातांनी स्टूल पुढं ओढलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा आप्पा त्याच्याकडं तोंड करून उभे होते, आणि त्याला तेवढं पुरे होतं.

अंकिता दारातच थांबली. मी आत.

"विशा!" आप्पांनी हाक मारली. घरापासून शेडपर्यंत मारावी तशी.

सवयीनं माझा पाय ठोके मोजायला लागला. एक. दोन. तीन.

"ओ."

स्टुलावरून आली. विक्रमच्या दातात काडी होती, ओठ मिटलेले होते. हे मी बघितलं. अंकितानंही बघितलं, पण ती त्यावर बोलत नाही. ट्रेंच्या फटींतून येणाऱ्या उन्हाच्या पट्ट्या त्याच्यावर पडल्या होत्या आणि तो पुढं वाकला होता. ड्रम वाजवणारा वाकत नाही तसा. त्याचा उजवा हात खाली गेला, पायापाशी नसलेलं काहीतरी, अंडं उचलावं तसं, त्यानं तीन बोटांनी हलकेच उचललं, उन्हासमोर धरलं आणि फिरवून बघितलं. मग डावीकडं ठेवलं. मग दुसरं उचललं.

काडी तुसात पडली. आवाज झाला नाही.

आप्पा त्याच्याकडं बघत होते. मान वर करून, डोळे भरून.

७

गावाला काही वेगळं वाटलं नाही. उलट कौतुक झालं. सर्जेरावचं धाकटं मार्गाला लागलं, ढणढण सुटली, केस कापले, पहाटे उठतंय, कोंबड्या परत आणतंय. माझा बाप म्हणाला, "बघ, शीक काहीतरी." आप्पा त्याला घरात काय नावानं हाक मारतात हे सगळ्या आळीनं ऐकलं होतं. दुःखानं होतं असं माणसाचं, म्हणाले. सोडून दिलं. पोराच्या जागी पोरगं भरलं, हिशोब जुळला, की आमची मोठी माणसं खोलात जात नाहीत.

मी फाट्यावर त्याला हाक मारली. "विक्या!" तो वळला नाही. परत मारली. मग जवळ जाऊन दंड धरला तेव्हा त्यानं बघितलं. ओळखीनंच बघितलं, पण धाकट्या भावाच्या दोस्ताकडं बघतात तसं. "काय म्हनतो मल्हार? बरंय ना?" आणि हात पुढं केला. उजवा.

पिल्लं यायच्या आदल्या दिवशी निरोप आला, तुझं सामान घेऊन जा. दुपारची वेळ. शेडला आतून चुना मारलेला, ट्रे निम्मे उतरवलेले. ड्रम कोपऱ्यात रचून ठेवले होते. स्टूल तेवढं मधे होतं. मी गिटार उचलली, आणि मग नाही राहवलं म्हणून मोबाइल काढला. पहिला टेक लावला. मला त्याचं 'एक, दोन' ऐकायचं होतं. बाकी काही नाही. तो आवाज आता जगात तेवढ्याच जागी उरला होता.

"एक, दोन, एक दोन तीन चार," विक्रम म्हणाला. आणि आम्ही तिघं सुरू झालो. फाटके, बेसूर, काय सुंदर.

दारात सावली पडली. विक्रमची आई, सोजराकाकू. हातात चहाची किटली. या सगळ्यात त्या एका शब्दानं बोलल्या नव्हत्या. त्यांना कुणी विचारलंही नव्हतं. त्या ऐकत उभ्या राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, "मल्हार, माजा धाकटा कुठाय रं?"

मी गिटार खाली ठेवली.

"ह्ये काय मला कळत न्हाई व्हय? उजव्या हातानं जेवतोय त्यो. ज्ये ह्यांनी मारून झालं न्हाई त्ये आपसूक झालं. मला थोरला पायजे व्हता. पन धाकटा देऊन न्हवं."

पहिली जागा गेली होती. दुसरी गेली. मी मोबाइल बंद करायला गेलो, त्यांनी माझं मनगट धरलं.

तिसरी जागा. चौथा ठोका.

"ओ."

बारीक. लांबून, पलीकडच्या दाराजवळून. थोडी घुमलेली. पण विशाची नव्हती. ती ओ मी आठ वर्षं बाकावर, बांधावर, एसटीत, माझ्या प्रत्येक हाकेला ऐकली होती.

काकूंनी किटली खाली ठेवली. डोळ्यांत पाणी नव्हतं. त्या पलीकडच्या दाराकडं बघत होत्या, मग पाण्याच्या टाकीकडं, मग मधल्या मोकळ्या जमिनीकडं. अंतर मोजावं तसं. मग त्यांनी पदराचा शेव हातात घेतला आणि पिवळ्या स्टुलावरचा चुना पुसायला लागल्या. नीट, कडेपर्यंत. पुसून झालं तेव्हा त्यांनी स्टूल माझ्याकडं थोडंसं सरकवलं. कर्र वाजलं.

"चहा घेशील ना?" त्या मायेनं म्हणाल्या. त्यांनी मला लहानपणापासून अशीच हाक मारून जेवायला वाढलं होतं. "उभा का रं बाळा? बस की."

मोबाइल केव्हाच बंद झाला होता. तरी टाकीपाशी कुणीतरी परत ओ दिली.